इंडोनेशियातील डिजिटल पायरसी आणि मॉड संस्कृती

इंडोनेशियातील डिजिटल पायरसी म्हणजे चित्रपट, मालिका, संगीत, पुस्तके, संगणक प्रणाली आणि खेळ यांच्या प्रती प्रताधिकारधारकाच्या परवानगीशिवाय इंटरनेटवरून प्रसारित करणे, तसेच अशा प्रतींचा वापर करणे होय. मूळ ॲप किंवा खेळाच्या रचनेत फेरफार करून त्याची नवी आवृत्ती वाटण्याची प्रथाही या विषयाशी जोडलेली आहे. अशा बदललेल्या आवृत्तीला तेथे 'मॉड' म्हणतात. सशुल्क सोयी फुकटात उघडून देणारी ॲप्स मॉड म्हणून ओळखली जातात, आणि हौशी कलावंतांनी खेळांसाठी तयार केलेल्या नव्या गाड्या, रस्ते व पात्रेही मॉडच असतात. त्यामुळे चोरी आणि नवनिर्मिती या दोन्ही गोष्टी या एकाच शब्दात सामावल्या आहेत.

२०२० च्या जनगणनेनुसार इंडोनेशियाची लोकसंख्या सुमारे २७ कोटी आहे. देश १७ हजारांहून अधिक बेटांवर पसरलेला आहे. इंडोनेशियन इंटरनेट सेवा पुरवठादार संघटनेच्या २०२४ च्या पाहणीनुसार देशात सुमारे २२ कोटी लोक, म्हणजे लोकसंख्येच्या ७९.५ टक्के लोक, इंटरनेट वापरतात. बहुतेकांच्या हाती इंटरनेट पोहोचले ते मोबाइलमधून. चित्रपटगृहे, पुस्तकांची दुकाने आणि अधिकृत वितरणाची इतर साधने मात्र प्रामुख्याने जावा बेटावरील शहरांत एकवटलेली राहिली. इंटरनेटचा प्रसार आणि अधिकृत वितरण यांच्यातील या अंतरात पायरसी वाढली. केवळ कायद्याचा धाक किंवा केवळ गरिबी यांच्या आधारे तिचे स्पष्टीकरण अपुरे ठरते.

संज्ञा

इंडोनेशियन भाषेत 'बाजाक लाउत' म्हणजे समुद्री चाचा. त्यावरून पायरसीला 'पंबाजाकान' आणि पायरेटेड वस्तूला 'बाजाकान' म्हणतात. रोजच्या बोलण्यात 'ग्रातिसान' हा शब्द अधिक ऐकू येतो. डच भाषेतून आलेल्या 'ग्रातिस' (फुकट) या शब्दापासून तो बनला असून त्याचा अर्थ 'फुकटात मिळालेली गोष्ट' असा होतो. 'बाजाकान' या शब्दात गुन्ह्याची छटा आहे, 'ग्रातिसान'मध्ये ती नाही. कायद्याची भाषा आणि वापरकर्त्यांची भाषा यांतील ही तफावत या विषयावरील सार्वजनिक चर्चेतही दिसून येते.

ऐतिहासिक पार्श्वभूमी

प्रताधिकाराचा कायदा इंडोनेशियात डच वसाहतीच्या काळात, १९१२ च्या डच कायद्याच्या रूपाने आला. स्वातंत्र्यानंतर १९५८ मध्ये इंडोनेशियाने साहित्य व कलाकृतींच्या संरक्षणासाठीच्या बर्न करारातून बाहेर पडण्याचा निर्णय घेतला. नव्या राष्ट्राला परदेशी पुस्तकांचे भाषांतर व पुनर्मुद्रण मानधनाच्या ओझ्याशिवाय करता यावे, असा विचार त्यामागे होता. परदेशी ज्ञान स्वस्तात मिळवणे ही त्या काळी राष्ट्रउभारणीची गरज मानली जात होती. देशाचा स्वतःचा प्रताधिकार कायदा १९८२ मध्ये झाला.

१९८० च्या दशकात इंडोनेशिया पायरेटेड ध्वनिफितींचे मोठे केंद्र बनले. १९८५ मध्ये इथिओपियातील दुष्काळग्रस्तांसाठी झालेल्या 'लाइव्ह एड' या संगीत कार्यक्रमाच्या अनधिकृत ध्वनिफिती इंडोनेशियात तयार होऊन विकल्या गेल्या. मदतनिधीच्या कार्यक्रमाचीच नक्कल विकली गेल्यामुळे कार्यक्रमाचे एक आयोजक, गायक बॉब गेल्डॉफ यांनी उघड संताप व्यक्त केला आणि पाश्चात्त्य देशांचा दबाव वाढला. १९८७ मध्ये कायद्यात दुरुस्ती करून शिक्षा वाढवण्यात आल्या. जागतिक व्यापार संघटनेचे सदस्यत्व स्वीकारल्यानंतर १९९७ मध्ये इंडोनेशिया पुन्हा बर्न करारात सामील झाला.

ध्वनिफितींनंतर व्हीसीडी व डीव्हीडी आल्या. जाकार्तातील ग्लोडोक आणि मांगा दुआ हे बाजार त्यांच्या विक्रीसाठी प्रसिद्ध झाले. इंटरनेटशी बहुसंख्य तरुणांची पहिली ओळख 'वार्नेत' म्हणजे इंटरनेट कॅफेत झाली. प्लेस्टेशनवर तासाच्या भाड्याने खेळू देणारी दुकाने गल्लोगल्ली निघाली. त्यांतील यंत्रांत फेरफार केलेला असे आणि खेळांच्या चकत्या नकली असत. परदेशी फुटबॉल खेळांत इंडोनेशियन संघ व खेळाडू भरलेल्या आवृत्त्याही या दुकानांतून लोकप्रिय झाल्या. पायरेटेड प्रत स्थानिक रुचीनुसार बदलून घेण्याची सवय अशा रीतीने मोबाइलच्या आधीच रुजली होती.

संगणक प्रणालींबाबत, सॉफ्टवेअर उद्योगाच्या बीएसए या संघटनेच्या २०१८ मधील अहवालानुसार २०१७ मध्ये इंडोनेशियातील ८३ टक्के संगणक प्रणाली विनापरवाना होत्या. त्याच अहवालात भारतासाठी हे प्रमाण ५६ टक्के होते. हे आकडे उद्योगसंघटनेचे अंदाज आहेत. पायरसीला पर्याय म्हणून इंडोनेशिया सरकारने २००४ मध्ये 'इंडोनेशिया, गो ओपन सोर्स' हा उपक्रम जाहीर केला आणि शासकीय कार्यालयांत मुक्त स्रोत प्रणाली वापरण्याचा पुरस्कार केला. ब्लँकऑन ही लिनक्सवर आधारित देशी प्रणालीही त्याच दशकात तयार झाली. तरीही घरगुती संगणकांवर पायरेटेड विंडोजचे वर्चस्व राहिले. पायरेटेड प्रणाली जवळजवळ फुकटच मिळत असल्यामुळे मुक्त प्रणालीचा 'विनामूल्य' हा गुण ग्राहकाला वेगळा वाटत नव्हता.

कायदेशीर चौकट

सध्या २०१४ चा कायदा क्रमांक २८ लागू आहे. एखाद्या कृतीच्या प्रती परवानगीशिवाय तयार करून आर्थिक लाभासाठी त्या मोठ्या प्रमाणावर वितरित करणे, अशी पायरसीची व्याख्या या कायद्यात आहे. अशा गुन्ह्यासाठी १० वर्षांपर्यंत कैद आणि ४ अब्ज रुपियांपर्यंत दंड अशी कमाल शिक्षा आहे. प्रतीच्या संरक्षणासाठी बसवलेले तांत्रिक कुलूप तोडणे हा स्वतंत्र गुन्हा आहे. आपल्या जागेत पायरेटेड मालाची विक्री होऊ देणाऱ्या बाजार-व्यवस्थापकांवरही जबाबदारी टाकण्यात आली आहे.

या कायद्याच्या दोन तरतुदींचा व्यवहारावर मोठा परिणाम झाला. पहिली अशी की, प्रताधिकारभंग हा तक्रारीवर आधारित गुन्हा ठरवण्यात आला. १९८७ च्या दुरुस्तीनंतर पोलिसांना स्वतःहून कारवाई करता येत असे. २०१४ नंतर मात्र हक्कधारकाने तक्रार केल्याशिवाय फौजदारी कारवाई सुरू होत नाही. मोठ्या निर्मितीसंस्थेला वकील नेमणे, पुरावे गोळा करणे आणि खटला वर्षभर चालवणे परवडते. एकट्या लेखकाला किंवा छोट्या संगीतसमूहाला ते सहसा परवडत नाही.

दुसरी तरतूद इंटरनेटवरील प्रसाराविषयी आहे. व्यापारी स्वरूपाचा नसलेला आणि/किंवा निर्मात्याला लाभदायक ठरणारा, किंवा ज्याला निर्मात्याची हरकत नाही असा प्रसार प्रताधिकारभंग मानला जात नाही. चाहत्यांनी केलेल्या चित्रफिती, विडंबने आणि संकलने यांना त्यामुळे काही अवकाश मिळतो. परंतु ज्या चित्रफितीवर जाहिरातींचे पैसे मिळतात ती अव्यापारी मानावी का, हा प्रश्न खुला राहतो.

चित्रपट आणि मालिका

इंडोनेशियातील सर्वांत मोठ्या चित्रपटगृह साखळीच्या नावात '२१' आणि 'एक्सएक्सआय' ही अक्षरे आहेत. चित्रपट फुकट दाखवणाऱ्या अनधिकृत संकेतस्थळांनी हीच अक्षरे उचलली. लायारकाचा२१ आणि इंडोएक्सएक्सआय ही त्यांपैकी सर्वांत परिचित नावे होत. नाव ओळखीचे असल्यामुळे प्रेक्षकांना त्यांचा शोध सहज लागे. एक पत्ता बंद झाला की थोडा बदल करून दुसरा उघडला जाई.

डिसेंबर २०१९ मध्ये आशियातील चित्रवाणी उद्योगाच्या पायरसीविरोधी आघाडीसाठी युगव्ह या संस्थेने केलेले सर्वेक्षण प्रसिद्ध झाले. त्यात इंडोनेशियातील ६३ टक्के ऑनलाइन ग्राहक पायरेटेड चित्रपट संकेतस्थळे किंवा टोरेंट वापरत असल्याचे नमूद होते. त्याच सुमारास सरकारने अशा संकेतस्थळांवर मोठी कारवाई जाहीर केली आणि इंडोएक्सएक्सआयने १ जानेवारी २०२० पासून सेवा थांबवण्याची घोषणा केली. त्यानंतरच्या सर्वेक्षणात पायरसीचे प्रमाण घटल्याचे या आघाडीने सांगितले. तथापि, नाव बदलून चालणारी संकेतस्थळे आणि टेलिग्रामवरील समूह यांच्यामार्फत हा प्रसार चालूच राहिला.

या काळातील एक विसंगती अनेकदा नमूद केली जाते. जानेवारी २०१६ मध्ये नेटफ्लिक्सने इंडोनेशियात सेवा सुरू केली. त्याच महिन्यात सरकारी मालकीच्या टेल्कोम या देशातील सर्वांत मोठ्या दूरसंचार समूहाने परवाना व मजकूर-परीक्षणाच्या मुद्द्यांवर ती आपल्या जाळ्यावर रोखली. ही बंदी जुलै २०२० मध्ये उठली. म्हणजे साडेचार वर्षे टेल्कोमच्या ग्राहकाला पैसे भरून पाहण्याची सेवा थेट उघडता येत नव्हती, पण पायरेटेड संकेतस्थळांचे नवे पत्ते उघडत होते. सप्टेंबर २०२० मध्ये भारतातील हॉटस्टारचे नाव धारण करणारी डिझ्नी प्लस हॉटस्टार ही सेवा इंडोनेशियात आली. व्हिडिओ या देशी मंचानेही आपल्या मालिकांची संख्या वाढवली. केवळ मोबाइलवर चालणारी कमी दराची योजना नेटफ्लिक्सने जुलै २०१९ मध्ये भारतात आणली होती. तशीच योजना पुढे इंडोनेशियातही देण्यात आली. त्यामुळे 'अधिकृत पर्यायच नाही' हा युक्तिवाद २०२० नंतर पूर्वीइतका लागू राहिला नाही.

स्थानिक निर्मात्यांनी केलेल्या तक्रारींपैकी दोन विशेष गाजल्या. २०१६ मध्ये 'वारकोप डीकेआय रिबॉर्न' या विनोदी चित्रपटाचे चित्रपटगृहातून बिगो लाइव्ह या ॲपवर थेट प्रक्षेपण झाले. निर्माती संस्था फाल्कन पिक्चर्सने त्याबाबत पोलिसांत तक्रार केली. दुसरे प्रकरण २०१९ मधील 'केलुआर्गा चेमारा' या कौटुंबिक चित्रपटाचे आहे. तो परवानगीशिवाय दाखवल्याबद्दल विसिनेमा पिक्चर्सच्या तक्रारीवरून दुनियाफिल्म२१ या संकेतस्थळाच्या चालकाला सुमात्रा बेटावरील जांबी येथील न्यायालयाने २०२१ मध्ये १४ महिन्यांच्या कैदेची शिक्षा सुनावली. संकेतस्थळाच्या चालकाला प्रत्यक्ष तुरुंगवास झाल्यामुळे हे प्रकरण महत्त्वाचे मानले जाते. कायद्यातील कमाल १० वर्षांच्या तुलनेत ही शिक्षा बरीच कमी होती. मात्र तक्रारदार चिकाटीने उभा राहिला तर खटला तडीस जाऊ शकतो, हे तिने दाखवून दिले.

पुस्तके

पुस्तकांच्या क्षेत्रात पायरसीची दोन रूपे आहेत. छापील नकली प्रती ऑनलाइन बाजारपेठांत मूळ किमतीच्या अंशात विकल्या जातात, तर पीडीएफ प्रती व्हॉट्सॲप व टेलिग्रामवरून फुकट फिरतात. २०२० मध्ये कोविड-१९ च्या साथीत लोक घरी बसल्यावर वाचनप्रेमींच्या समूहांतून लोकप्रिय कादंबऱ्यांच्या पीडीएफ 'मदत' म्हणून पाठवल्या जाऊ लागल्या. दुकाने बंद असल्यामुळे विक्री थांबलेल्या लेखकांनी त्यावर आक्षेप घेतला.

लोकप्रिय कादंबरीकार तेरे लिये यांनी या प्रश्नावर सर्वांत तिखट भूमिका घेतली. त्यांच्या २०२० मधील 'सलामात तिंगाल' या कादंबरीचा नायक पायरेटेड पुस्तकांच्या दुकानात काम करणारा विद्यार्थी आहे. २०२१ मध्ये समाजमाध्यमांवर त्यांनी पायरेटेड पुस्तके विकत घेणाऱ्यांवर अत्यंत कठोर शब्दांत टीका केली. तिला पाठिंबा मिळाला, तशीच प्रतिटीकाही झाली. जावाबाहेरील लहान गावांत पुस्तकाच्या किमतीइतकाच ते पोहोचवण्याचा खर्च येतो आणि वाचनालये अपुरी आहेत, असे टीकाकारांचे म्हणणे होते. समर्थकांच्या मते, नकली प्रत घेणाऱ्याचे पैसे अखेर विक्रेत्याच्या खिशात जातात आणि लेखकाला त्यातून काहीच मिळत नाही. अशा व्यवहाराला ज्ञानप्रसार म्हणता येत नाही, असे त्यांचे प्रतिपादन होते.

राष्ट्रीय ग्रंथालयाने २०१६ मध्ये सुरू केलेले आयपुस्नास हे ॲप या वादातील मधला मार्ग दाखवते. त्यावरून ई-पुस्तके विनामूल्य आणि कायदेशीरपणे वाचता येतात. मात्र ग्रंथालयाने जितक्या प्रती विकत घेतल्या असतील तितक्याच एका वेळी वाचकांना देता येतात. त्यामुळे मागणी असलेल्या पुस्तकासाठी रांगेत थांबावे लागते, तर पीडीएफसाठी थांबावे लागत नाही.

संगीत आणि संमिश्रण

पायरेटेड एमपी३ मुळे ध्वनिमुद्रिकांची विक्री घसरल्यावर इंडोनेशियन संगीतसमूहांना मोबाइलच्या रिंगबॅक टोनने काही वर्षे आधार दिला. गाण्याचा तुकडा फोन करणाऱ्याला ऐकवण्यासाठी ग्राहक दरमहा पैसे भरत, आणि असा तुकडा पायरेट करण्यात अर्थ नसे. ग्राहकांच्या खात्यातून परस्पर पैसे कापले जात असल्याच्या तक्रारींवरून ऑक्टोबर २०११ मध्ये नियामकाने अशा सेवांची नोंदणी रद्द करायला लावली. त्यामुळे हे उत्पन्न एकाएकी कोसळले. पुढे अधिकृत ऑनलाइन संगीतसेवा आल्यावर गाणी उतरवून घेण्याची गरज कमी झाली.

दुसऱ्याच्या गाण्यात बदल करण्याची परंपरा मात्र पायरसीपासून वेगळी करणे अवघड आहे. जाकार्ताच्या कोता भागातील नृत्यगृहांत १९९० च्या दशकात वाढलेली 'फंकोत' ही वेगवान नृत्यसंगीताची शैली परवानगीशिवाय केलेल्या संमिश्रणांवरच पोसली गेली. आजची 'जेदाग-जेदुग' ही चित्रफितींची शैली तिच्याशी नाते सांगते. गाण्याच्या ठेक्यावर छायाचित्रे हलवणाऱ्या या चित्रफिती अलाइट मोशन आणि कॅपकट या ॲप्सवर तयार होतात. त्यांचे तयार साचे तरुण मंडळी एकमेकांना देतात, आणि ही ॲप्सही अनेकदा मॉड केलेली असतात.

दुसऱ्याने केलेल्या बदलाचा अनुभव इंडोनेशियानेही घेतला आहे. २०२३ मध्ये 'हेलो कुआलालुंपूर' हे मलेशियातील बालगीत इंडोनेशियात चर्चेत आले. इस्माईल मार्झुकी यांच्या नावे ओळखल्या जाणाऱ्या 'हालो-हालो बांडुंग' या स्वातंत्र्यलढ्यातील गीताची चाल घेऊन आणि शब्द बदलून ते रचले होते. शहराचे नाव बदलून आपल्या इतिहासाचे गीत उचलले गेले, याबद्दल इंडोनेशियात तीव्र नाराजी व्यक्त झाली. इतर वेळी बदललेल्या गाण्यांकडे सहजतेने पाहणाऱ्या समाजातही श्रेय आणि मूळ यांविषयी जाणीव किती तीव्र असू शकते, हे या घटनेतून दिसले.

बदललेली ॲप्स

अँड्रॉइड प्रणालीत ॲपची फाइल अधिकृत दुकानाबाहेरूनही बसवता येते. इंडोनेशियात अँड्रॉइडचे प्राबल्य असल्यामुळे मॉड ॲपचा प्रसार सोपा झाला. मूळ ॲपची फाइल उघडून तिच्यातील परवाना तपासणारा भाग निष्प्रभ करायचा, जाहिराती काढायच्या, सशुल्क सोयी खुल्या करायच्या आणि नवी सही करून ती पुन्हा वाटायची, अशी साधारण पद्धत असते. मूळ निर्मात्याची डिजिटल सही या प्रक्रियेत नष्ट होते. त्यामुळे फाइलमध्ये आणखी काय घातले आहे, हे वापरकर्त्याला कळू शकत नाही.

'जीबी व्हॉट्सॲप' हे याचे सर्वपरिचित उदाहरण आहे. खोडलेले संदेश वाचणे, आपली उपस्थिती लपवणे, रंगसंगती बदलणे अशा सोयींसाठी ते वापरले जाते. अशी ॲप्स वापरणे सेवाशर्तींचा भंग असून त्यामुळे खाते बंद होऊ शकते, अशी व्हॉट्सॲपची अधिकृत भूमिका आहे. २०२१ मध्ये कॅस्परस्की या सुरक्षासंस्थेला 'एफएम व्हॉट्सॲप' या अशाच मॉडच्या एका आवृत्तीत ट्रायडा नावाचा घातक प्रोग्राम आढळला. तो जाहिरातींसाठीच्या भागातून आत शिरला होता. दूरध्वनीवर आणखी घातक प्रोग्राम उतरवून घेणे आणि नकळत सशुल्क सेवांची नोंदणी करणे त्याला शक्य होते.

अनोळखी फाइल निःशंकपणे बसवण्याच्या सवयीचा फायदा गुन्हेगारांना झाला. डिसेंबर २०२२ पासून इंडोनेशियात व्हॉट्सॲपवरून ॲपच्या फाइली पाठवून फसवणुकीची लाट आली. प्रथम कुरिअरच्या पार्सलचे छायाचित्र, मग जानेवारी २०२३ मध्ये लग्नपत्रिका आणि पुढे वाहतूक दंडाची नोटीस अशी रूपे तिने घेतली. फाइल बसवताना मागितलेली संदेश वाचण्याची परवानगी दिली की बँकेचे एकवेळचे संकेतांक गुन्हेगारांपर्यंत पोहोचत आणि खाते रिकामे होई. या फाइली मॉड नव्हत्या. परंतु दुकानाबाहेरील फाइल बसवताना प्रणाली जी सूचना दाखवते ती दुर्लक्षून पुढे जाण्याची सवय अनेकांना आधीच लागलेली होती.

खेळांतील मॉड

मॉड संस्कृतीची विधायक बाजू बस सिम्युलेटर इंडोनेशिया या मोबाइल खेळात दिसते. मालेओ या इंडोनेशियन संस्थेने तो २०१७ मध्ये प्रसिद्ध केला. गुगल प्लेवर त्याच्या डाउनलोडची संख्या १० कोटींच्या पुढे गेली आहे. आंतरशहर बसचे संगीतमय भोंगे, म्हणजे 'तेलोलेत', २०१६ च्या अखेरीस 'ओम तेलोलेत ओम' या घोषणेमुळे जगभर गाजले होते. तो भोंगाही या खेळात आहे. खेळाडूला स्वतः तयार केलेली त्रिमितीय वाहने खेळात आणण्याची मुभा निर्मात्यांनीच दिली. त्यामुळे खऱ्या बस कंपन्यांच्या रंगसंगतीपासून ट्रक व मोटारींपर्यंत असंख्य मॉड तयार झाले, आणि शाळकरी मुलांनी त्रिमितीय रचनेचे पहिले धडे त्यातून गिरवले.

याच समूहात पायरसीचा प्रश्न उलट्या बाजूने उभा राहिला. काही मॉडकार आपली वाहने विकतात, तर काही श्रेय देण्याच्या अटीवर फुकट देतात. विकत घेतलेले मॉड फोडून वाटणे किंवा दुसऱ्याचे मॉड स्वतःच्या नावाने पुन्हा चढवणे हा या समूहात मोठा अपराध मानला जातो, आणि असे करणाऱ्यांना जाहीर दोष दिला जातो. येथे न्यायालय नाही, पण श्रमाचे श्रेय आणि मोबदला यांविषयी समूहाने स्वतःच नियम बनवले आहेत. याउलट 'जीटीए: सॅन अँड्रियास' या परदेशी खेळाच्या इंडोनेशियन मॉडबाबत बदल करणाऱ्याचे कौशल्य खरे असते, तरी मॉडसोबत मूळ खेळाचीच अनधिकृत प्रत वाटली जाते. मूळ निर्मात्याची परवानगी हा या दोन प्रकारांतील निर्णायक फरक आहे.

अर्थकारण

पायरेटेड संकेतस्थळ प्रेक्षकाकडून पैसे घेत नाही, तरीही ते व्यवसाय असते. त्याचे उत्पन्न जाहिरातींतून येते. इंडोनेशियात अशा संकेतस्थळांवर ऑनलाइन जुगाराच्या जाहिराती सर्रास आढळतात, आणि कित्येकदा त्या चित्रपटाच्या प्रतीतच कोरलेल्या असतात. इंडोनेशियात जुगार बेकायदा आहे, त्यामुळे तो प्रतिष्ठित माध्यमांत जाहिरात करू शकत नाही. पायरेटेड संकेतस्थळाला प्रतिष्ठित जाहिरातदार मिळत नाहीत. दोघांच्या गरजा अशा जुळतात. परिणामी फुकट चित्रपट पाहायला आलेला किशोरवयीन प्रेक्षक जुगाराच्या दारात नेला जातो. 'जुडोल' या संक्षिप्त नावाने ओळखला जाणारा ऑनलाइन जुगार ही इंडोनेशियातील गंभीर सामाजिक समस्या मानली जाते.

दुसरा व्यवसाय सशुल्क खात्यांच्या किरकोळ विक्रीचा आहे. एकच खाते अनेकांना वाटून अधिकृत दरापेक्षा कितीतरी स्वस्तात विकले जाते. ग्राहक पैसे देतो, त्यामुळे आपण चोरी करत नाही असे त्याला वाटते. मात्र सेवाशर्तींचा भंग होतोच, आणि खाते अचानक बंद पडल्यास दाद मागायला जागा नसते. लोक पैसे द्यायला मुळातच तयार नाहीत, या समजुतीला हा व्यवहार छेद देतो. परवडेल अशा दराला आणि सुट्या खरेदीला मागणी असल्याचे त्यातून स्पष्ट होते.

संकेतस्थळबंदी आणि तिच्या मर्यादा

२०१५ मध्ये कायदा व मानवाधिकार मंत्रालय आणि दळणवळण व माहिती मंत्रालय यांनी संयुक्त नियमावली काढून प्रताधिकारभंग करणारी संकेतस्थळे रोखण्याची पद्धत ठरवली. हक्कधारकाने तक्रार करायची, पहिल्या मंत्रालयाने तिची छाननी करायची आणि दुसऱ्याने सेवा पुरवठादारांमार्फत संकेतस्थळ रोखायचे, असा तो क्रम आहे. दळणवळण मंत्रालयाचे नाव ऑक्टोबर २०२४ मध्ये दळणवळण व डिजिटल व्यवहार मंत्रालय असे झाले.

या उपायाला दोन मर्यादा आहेत. पहिली तांत्रिक आहे. डीएनएस बदलून किंवा व्हीपीएन वापरून बंदी ओलांडता येते, आणि हे कौशल्य इंडोनेशियन तरुणांत सर्वसाधारण झाले आहे. रेडिट आणि व्हिमिओ ही संकेतस्थळे २०१४ पासून अश्लील मजकुराच्या कारणावरून रोखलेली असल्यामुळे त्या कौशल्याची गरज पायरसीशी संबंध नसलेल्यांनाही पडली. दुसरी मर्यादा विश्वासाची आहे. ३० जुलै २०२२ रोजी नोंदणीच्या नियमाचे पालन न केल्याच्या कारणावरून सरकारने स्टीम, एपिक गेम्स, याहू आणि पेपॅल यांसह अनेक अधिकृत सेवा रोखल्या. मोठ्या जनक्षोभानंतर त्यांपैकी बहुतेक काही दिवसांत पूर्ववत झाल्या. दरम्यान, पैसे भरून खेळ घेतलेल्यांनाच आपले खेळ उघडता येईनात. पायरेटेड प्रत बाळगणाऱ्याला मात्र काही अडचण आली नाही.

आंतरराष्ट्रीय पैलू

अमेरिकेच्या व्यापार प्रतिनिधी कार्यालयाच्या बौद्धिक संपदाविषयक वार्षिक अहवालात इंडोनेशिया अनेक वर्षांपासून 'प्राधान्य निगराणी यादी'त आहे. जाकार्तातील मांगा दुआ बाजाराचा आणि बुकालापाक या ऑनलाइन बाजारपेठेचा उल्लेख त्या कार्यालयाच्या कुख्यात बाजारांच्या यादीत झाला आहे. २०२५ मध्ये आयातशुल्काच्या वाटाघाटींच्या पार्श्वभूमीवर मांगा दुआचा मुद्दा पुन्हा चर्चेत आला. परदेशी दबावामुळे कायदे कठोर झाले. परंतु त्याच कारणाने प्रताधिकार म्हणजे श्रीमंत देशांच्या कंपन्यांचे हित, अशीही समजूत दृढ झाली. 'केलुआर्गा चेमारा' खटला किंवा कादंबरीकारांच्या तक्रारी यांचे महत्त्व या संदर्भात आहे, कारण त्यांत नुकसान सोसणारा पक्ष इंडोनेशियनच होता.

मूल्यमापन

इंडोनेशियातील पायरसीविषयी दोन टोकाची मते मांडली जातात. एका मतानुसार ती सरळ चोरी असून कडक शिक्षा हाच उपाय आहे. दुसऱ्या मतानुसार ती विषम वितरणाविरुद्धचा गरिबांचा प्रतिसाद आहे. उपलब्ध घटना पाहता पहिले मत पुरवठ्याची बाजू दुर्लक्षिते. अधिकृत सेवा उशिरा येणे, आल्यावर रोखली जाणे आणि ग्रंथालयात रांग असणे या गोष्टींनी पायरसीला ग्राहक मिळवून दिले. दुसरे मत 'फुकट'ची किंमत कोण मोजतो हे पाहत नाही. जागतिक कंपन्या नुकसान सोसून टिकतात, पण देशी कादंबरीकार, संगीतसमूह आणि लहान निर्मितीसंस्था यांना तो आधार नसतो. वापरकर्ताही ही किंमत आपली गोपनीयता आणि बँकेतील शिल्लक यांच्या रूपाने चुकवतो.

मॉडकारांच्या समूहांतील अलिखित नियम या चर्चेला तिसरी दिशा देतात. ज्यांना प्रताधिकार कायद्याची कलमे ठाऊक नाहीत असे तरुणही स्वतःच्या निर्मितीवर श्रेय आणि मोबदला मागतात, आणि दुसऱ्याचे श्रेय चोरणाऱ्याला दोषी धरतात. निर्मात्याच्या श्रमाविषयीचा आदर या समाजात आहे, परंतु तो परिचित निर्मात्यापुरता मर्यादित राहतो. परवडणारा दर, जवळचे वितरण आणि छोट्या हक्कधारकाला झेपेल अशी तक्रारीची सोय यांमुळे तो आदर अपरिचित निर्मात्यापर्यंत पोहोचेल का, यावर इंडोनेशियातील डिजिटल निर्मितीचे भवितव्य बऱ्याच अंशी अवलंबून आहे.